वाचिकाचा अभाव की वाचिकाचा संयम? : ‘फँड्री’तील जब्याची भूमिका

नटाचे नाव विस्मृतीत जावे आणि त्याची एकच भूमिका मागे उरावी, असे चित्रपटसृष्टीत अनेकदा घडलेले आहे. व्हित्तोरिओ दे सिका यांच्या ‘बायसिकल थीव्ह्ज’ (१९४८) मधील लाम्बेर्तो माज्जोरानी हा मूळचा कारखान्यातील कामगार. रसिकांना स्मरतो तो मात्र सायकल चोरीस गेलेला बाप. अशा नटांविषयी लिहिताना समीक्षक ‘नैसर्गिक’ हे एकच विशेषण वापरून मोकळे होतात. वरकरणी ते गौरवाचे असले, तरी नटाचे कर्तृत्व नाकारण्याची सोय त्यात असते.

सोलापूर जिल्ह्याने नागराज मंजुळे यांच्या चित्रपटांना असे दोन नवखे नट दिले. माळशिरस तालुक्यातील अकलूजची रिंकू राजगुरू ‘सैराट’ (२०१६) मध्ये आर्ची झाली. करमाळा तालुक्यातील केमचा सोमनाथ अवघडे ‘फँड्री’ (२०१३) मध्ये जब्या झाला. राष्ट्रीय पुरस्कारांत राजगुरूचा विशेष उल्लेख झाला, तर अवघडेला उत्कृष्ट बालकलाकाराचा पुरस्कार लाभला. परंतु राजगुरूचे नाव सर्वतोमुखी झाले; अवघडेचे नाव आठवावे लागते, जब्या मात्र विसरता येत नाही. या भेदाचे एक कारण भाषेत सापडते.

भरताने अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य व सात्त्विक असे चार प्रकार सांगितले. आर्चीची भूमिका प्रामुख्याने वाचिकावर उभी आहे. तिची ठसकेबाज बोली ही सत्ताधारी बागायतदाराच्या लेकीची बोली आहे. बोलण्याचा अधिकार तिला घरातूनच मिळालेला आहे. जब्याला तो नाही. त्याची भूमिका बोलण्यापेक्षा बोलणे गिळण्याची आहे.

चित्रपटाचे शीर्षकच येथे मार्गदर्शक ठरते. ‘फँड्री’ हा डुकरासाठी असलेला कैकाडी शब्द. कैकाडी ही द्राविड कुळातील भाषा. ग्रियर्सनच्या भाषा-सर्वेक्षणात ती तमिळच्या बोलींमध्ये गणलेली आहे. तमिळ ‘पन्रि’, तेलुगू ‘पंदि’, कन्नड ‘हंदि’ यांच्याशी या शब्दाचे नाते उघड आहे. घरातील हा साधा शब्द गावातील मुलांच्या तोंडी गेल्यावर शिवी होतो. ज्याच्या मातृभाषेचाच त्याच्याविरुद्ध शस्त्रासारखा उपयोग होतो, त्याने कोणत्या भाषेत उत्तर द्यावे? जब्याचे मौन या प्रश्नातून जन्मते.

हे मौन पटकथाकाराचे व दिग्दर्शकाचे, नटाचे नव्हे, असा आक्षेप संभवतो. तो अंशतः खरा आहे. पण पटकथा शब्द वगळू शकते. वगळलेल्या शब्दांचा भार नटालाच वाहावा लागतो. डुक्कर धरण्याच्या प्रसंगी शालू व वर्गमित्र पाहतील म्हणून जब्या आडोशाला लपतो. तेथे लाज, बापाचे भय आणि संताप हे तिन्ही भाव एकाच देहात आणि जवळजवळ निःशब्दपणे दिसतात. शाळेतून राष्ट्रगीताचे सूर येताच सारे कुटुंब निश्चल उभे राहते आणि डुक्कर हातचे निसटते. तेथील त्याची स्तब्धता निराळी आहे. ती आज्ञापालनाची आहे. लपण्यातील मौन व उभे राहण्यातील मौन यांत फरक दाखविणे, हे सात्त्विक अभिनयाचे काम होय. ते केवळ स्वभावाने साधत नाही.

म्हणूनच अखेरचा दगड परिणामकारक ठरतो. जब्या तो टोमणे मारणाऱ्यावर फेकतो, पण येतो तो कॅमेऱ्याच्या, म्हणजे प्रेक्षकाच्या रोखाने. पूर्वीचा संयम ढळला असता, तर ही कृती केवळ नाट्यमय कलाटणी ठरली असती. येथे ती दीर्घकाळ अडलेल्या वाक्याची पूर्ती वाटते.

खेड्यातून आलेल्या नटाने उत्तम काम केले की ते त्याच्या जीवनाचे श्रेय, आणि नाट्यशिक्षित नटाने केले की कलेचे, असा दुहेरी मापदंड समीक्षेने सोडावयास हवा. एरवी जब्याला अजरामर म्हणत असतानाच अवघडेला नट म्हणण्याचे राहून जाईल.