कॅमेरा किती लांब ठेवायचा

पावसाळा लागला की बेगडेवाडीपासून लोणावळ्यापर्यंत मावळच्या डोंगरांवर ड्रोन घिरट्या घालू लागतात. कॅमेरा जितका हलेल तितकं छायालेखन भारी, हे आता जवळजवळ गृहीतच धरलं जातं. अशा काळात छायालेखक मृणाल देसाई यांचं काम एकत्र पाहावं. माहितीपटाचा छायालेखक कथापटात आला की हातातला थरथरता कॅमेरा घेऊन येणार, असं आपण मानतो. देसाईंच्या बाबतीत उलट दिसतं. निशा पाहुजांच्या 'टू किल अ टायगर' (२०२२) या माहितीपटात झारखंडमधला एक शेतकरी लेकीवरच्या अत्याचाराचा खटला लढतो आणि कॅमेरा त्याच्या अंगणात, त्याच्या घालमेलीच्या अगदी जवळ असतो. चैतन्य ताम्हाणेंच्या 'कोर्ट' (२०१४) या कथापटात मात्र तो लांब बसतो आणि सहसा जागचा हलत नाही. माणसापासून किती अंतरावर उभं राहायचं, हे पारखण्याची नजर त्यांनी दोन्हीकडे वापरली आहे, असं माझं मत आहे. शेतकऱ्याला गावाने एकटं पाडलंय, म्हणून तिथे जवळीक हवी. कोर्टात सगळे एका यंत्रणेचे भाग आहेत, म्हणून सगळी खोली दिसायला हवी.

'कोर्ट'मध्ये मॅनहोलमध्ये मेलेल्या एका कामगाराच्या मृत्यूसाठी एका शाहिरावर खटला चालतो. त्या कामगाराच्या विधवेची साक्ष आठवा. आत हवा आहे की नाही हे नवरा झुरळ बाहेर येतंय का त्यावरून ओळखायचा, असं ती कोरड्या आवाजात सांगते. शाहिराच्या गाण्यामुळे त्याने आत्महत्या केली, हा आरोप इथेच ढासळतो. दुसरा कोणताही चित्रपट इथे तिच्या डोळ्यांवर झेपावला असता. 'कोर्ट'चा कॅमेरा झेपावत नाही, आणि तिचं दुःख कामकाजाच्या नोंदीत कसं जिरून जातं ते आपल्याला दिसतं.

कोणी म्हणेल, ही चौकट दिग्दर्शकाची. तिपाईवर कॅमेरा ठेवायला कसब कसलं? चौकट ताम्हाणेंची, हे मान्यच. पण लांबच्या, न तुटणाऱ्या दृश्यात प्रकाशाला एकाच चेहऱ्याची मर्जी राखून चालत नाही. मागच्या बाकावर पेंगणारा माणूसही तितकाच खरा दिसावा लागतो. त्यातून 'कोर्ट'मध्ये बरेच कलाकार नवखे. अशांना मोकळं सोडून चौकट सांभाळणं माहितीपटात मुरलेल्या माणसाला जमतं. स्थिर कॅमेरा ही महोत्सवी फॅशन आहे, हा आक्षेप अनेक चित्रपटांना लागू पडतो, पण इथे नाही. न्यायालयाला सुट्टी लागते, दिवे मालवतात आणि रिकाम्या अंधाऱ्या खोलीसमोर कॅमेरा थांबून राहतो. पुढे सहलीला गेलेले न्यायाधीश दिसल्यावर त्या थांबण्याचा अर्थ लागतो.

असं काम डोळ्यांत भरत नाही, ही त्याची अडचणच आहे. ६२व्या राष्ट्रीय पुरस्कारांत 'कोर्ट' सर्वोत्कृष्ट चित्रपट ठरला. छायालेखनाचा पुरस्कार 'चतुष्कोण' या बंगाली चित्रपटाला गेला.