कोण म्हणाले, कोणाला?

मराठवाड्यातल्या कुठल्याही जिल्हा परिषद शाळेत सकाळी शिरावे, परिपाठ चाललेला असतो. प्रतिज्ञा, प्रार्थना, दिनविशेष, बोधकथा आणि सुविचार. ज्याची पाळी असते तो पोरगा तळहातावर पेनाने लिहून आणलेले वाक्य एका दमात म्हणतो आणि रांगेत परत जाऊन उभा राहतो. मग ते वाक्य रंगीत खडूने फळ्याच्या माथ्यावर चढते; खाली तारीख, वार आणि पट. दुसऱ्या दिवशी त्यावरून डस्टर फिरते. हे वाक्य कोणी, कोणाला, कशावरून म्हटले, असे त्या पोराला कुणी विचारत नाही.

मराठी सुविचाराचे आज जे काही बिघडले आहे, ते या न विचारलेल्या प्रश्नापाशीच बिघडले आहे. शहाणपणाच्या वाक्यांचा तुटवडा नाही, उलट पूर आहे. पण बोलणारा नाही, ऐकणारा नाही आणि प्रसंगही नाही. म्हणून ही वाक्ये कानावरून जातात आणि मनात काही ठेवून जात नाहीत. छत्रपती संभाजीनगर आणि त्याच्या आसपासचा मुलूख डोळ्यांसमोर ठेवून हे बोलले पाहिजे, कारण थोडक्यात बोलण्याची कला जितक्या तऱ्हांनी इथे फुलली, तितक्या तऱ्हा एका ठिकाणी सहसा सापडत नाहीत.

शहरापासून सुमारे ५० किलोमीटरवर पैठण, म्हणजे जुने प्रतिष्ठान. सातवाहन राजा हाल याच्या नावावर असलेली ‘गाथासप्तशती’ या राजधानीशी जोडलेली आहे. महाराष्ट्री प्राकृतातल्या सुमारे ७०० गाथा, प्रत्येक गाथा दोन ओळींची. नांगरकरी, गावचा मुखिया, वाटसरू, परदेशी गेलेल्याची बायको, गोदावरीचा काठ, सगळे त्यात येते. स. आ. जोगळेकरांनी १९५६ साली ती मराठीत आणली. गाथा म्हटली की शृंगार आठवतो आणि तो आहेच. पण गरिबी, म्हातारपण, सज्जन आणि दुर्जन यांच्याविषयीही त्यात खूप काही आहे. जुने टीकाकार या गाथांकडे कसे जातात ते पाहण्यासारखे आहे. अर्थ सांगण्याआधी ते सांगतात, ही गाथा कोण कोणाला म्हणते आहे. सखी नायिकेला की वाटसरू घरधनिणीला? बोलणारा बदलला की त्याच दोन ओळींचा अर्थ बदलतो. ध्वनीचा, म्हणजे काव्यातल्या सूचित अर्थाचा, सिद्धांत मांडणाऱ्या आनंदवर्धनाला नवव्या शतकात उदाहरणांसाठी प्राकृत गाथांकडे यावेसे वाटले ते उगीच नाही.

हीच दृष्टी मराठी गद्याच्या पहाटे पुन्हा दिसते, आणि तिथे ती थेट शिस्त होऊन बसते. महानुभाव पंथाचे चक्रधरस्वामी वेरूळला राहिले, पैठणला राहिले. त्यांची शिष्या बाइसा पैठणचीच. स्वामींनी स्वतः काही लिहिले नाही, ते बोलत गेले. पुढे म्हाइंभटाने ठिकठिकाणच्या माणसांच्या आठवणी गोळा करून ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले आणि केसोबासाने त्यांतली वचने वेचून ‘सूत्रपाठ’ बांधला. दोन-चार शब्दांची, कधी एका क्रियापदावर उभी असलेली ती वाक्ये. केसोबास संस्कृतचा पंडित होता, संस्कृतात लिहायची त्याला हौस होती. पण संस्कृतामुळे आपल्या म्हाताऱ्या बाया वंचित राहतील, असे म्हणून स्वामींचे शिष्य नागदेवाचार्य यांनी त्याला अडवल्याचे ‘स्मृतिस्थळ’ हा महानुभाव ग्रंथ सांगतो. मराठी सूत्र कोणासाठी आहे, याचा निवाडा तिथेच होऊन गेला.

केसोबासाच्या ‘दृष्टांतपाठा’त ११४ दृष्टांत आहेत. त्याची घडण जवळून पाहावी. आधी सूत्र, मग स्वामींनी सांगितलेली छोटी गोष्ट म्हणजे दृष्टांत, मग ती गोष्ट सूत्राला कशी लागू पडते हे सांगणारे दार्ष्टांतिक. गावात हत्ती येतो, जन्मांध त्याला चाचपून पाहतात, ज्याच्या हाती जो अवयव लागला तोच त्याला पुरा हत्ती वाटतो, ही सर्वांना ठाऊक असलेली गोष्ट तिथे अशीच तिपेडी बांधलेली आहे. महानुभाव अभ्यासक एवढ्यावरही थांबले नाहीत. सूत्र कोणत्या प्रसंगी निघाले हे नोंदवणारा ‘प्रकरणवश’ हा ग्रंथांचा स्वतंत्र प्रकारच त्यांनी उभा केला. एका लीळेविषयी दोघांच्या आठवणी जुळल्या नाहीत, तर कोणती आठवण कोणाची, हेही पोथीत सांगून ठेवले. सातशे वर्षांपूर्वीची ही काटेकोर नोंद पाहिली की आजच्या आपल्या हलगर्जीपणाची लाज वाटते. अ‍ॅन फेल्डहाउस यांनी १९८३ साली ‘सूत्रपाठा’चे इंग्रजी भाषांतर आणि अभ्यास प्रसिद्ध केला. परिपाठाच्या फळ्यापर्यंत मात्र तो पाठ अजून पोहोचलेला नाही.

सतराव्या-अठराव्या शतकात छत्रपती संभाजीनगरने, म्हणजे तेव्हाच्या औरंगाबादने, दुसरी एक परंपरा जोपासली, गझलेची. वली औरंगाबादी आणि त्यांच्यानंतर सिराज औरंगाबादी. गझलेतला प्रत्येक शेर आपल्यापुरता पुरा असतो, दोन मिसऱ्यांत अख्खे म्हणणे संपते. पण गझलेच्या शेवटच्या शेरात, मक्त्यात, कवीचे तखल्लुस, म्हणजे काव्यनाम, ओवलेले असते. आपल्या अभंगांतली नाममुद्रा तशीच. पैठणच्या एकनाथांनी तर आपल्या नावाला गुरूचेही नाव जोडून घेतले. नाव असे वृत्तातच विणलेले असले की ते उसवणे सोपे नसते. सुविचाराखाली आडवी रेघ मारून लिहिलेले नाव मात्र कोणीही पुसावे आणि कोणीही बदलावे. पु. ल. देशपांडे आणि व. पु. काळे यांच्या नावावर त्यांनी कधीही न लिहिलेल्या ओळी रोज सकाळी फुलांच्या चित्रावर बसून मोबाईलवर येतात, त्याचे कारण हेच.

विसाव्या शतकात या कलेने चांगले दिवसही पाहिले. विनोबांची ‘विचारपोथी’ हे त्याचे उत्तम उदाहरण. स्वतःशी केलेल्या विचाराची ती टिपणे आहेत, म्हणूनच त्यांत उपदेशाचा आव नाही. वपुंच्या ‘वपुर्झा’तले सुटे उतारे घरोघर वाचले गेले आणि अनेकांना आधार देऊन गेले, हे मान्यच केले पाहिजे. पण कथेतल्या माणसाच्या तोंडचे वाक्य त्या माणसावाचून वाचायची सवयही तेव्हाच लागली. ते वाक्य बोलणारा कथेत चुकलेला असू शकतो, हे मग वाचकाच्या लक्षात राहत नाही.

म्हणींचे दुखणे वेगळे आहे. दाते-कर्व्यांच्या ‘महाराष्ट्र वाक्संप्रदाय कोशा’त त्या जपून ठेवल्या आहेत, पण कोशात राहणे म्हणजे जगणे नव्हे. ‘आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार’ ही म्हण घ्या. सहा शब्द. आड खोल, अंधारा. पोहरा दोराला बांधलेला. काठावर वाकलेली बाई दोर ओढते आणि वजनावरूनच तिला कळते की पोहरा रिकामा आहे. हे सगळे त्या सहा शब्दांत आहे. टँकरची वाट पाहणाऱ्या गावातल्या मुलीला पाण्याची ओढ कोणी शिकवायला नको, पण पोहरा तिने पाहिलेला नसतो. तिच्या आजीने पाहिलेला असतो. म्हण जिवंत राहायची तर ती या दोघींच्या बोलण्यातच राहील.

बोलणाऱ्यासकट बोलणे कसे जपता येते, याचा नमुना महाराष्ट्रातच आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी सुरू केलेल्या जात्यावरच्या ओव्यांच्या प्रकल्पात १ लाखाहून अधिक ओव्या गोळा झाल्या. बीड जिल्ह्यातल्या माजलगावपर्यंत ते काम पोहोचले, आणि ओवीबरोबर गाणाऱ्या बाईचे नाव आणि गावही नोंदवले गेले. दोन ओळींत सासर, माहेर, भूक आणि भीमराव सांगणाऱ्या त्या बायका नावानिशी उभ्या आहेत, म्हणूनच त्यांचे शहाणपण ठसते.

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्राने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. त्यासाठी मांडलेल्या पुराव्यांत ‘गाथासप्तशती’ होती. त्या वारशाला जागायचे तर खर्च काहीच नाही. परिपाठ घेणाऱ्या शिक्षकांनी आठवड्यातून एक दिवस तरी पुस्तकातला सुविचार बाजूला ठेवावा, मुलांना आजी-आजोबांकडून एक वाक्य आणायला सांगावे आणि फळ्यावर त्याच्याखाली आणखी दोन ओळींची जागा सोडावी: कोण म्हणाले, कोणाला.