गावाचा इतिहास कोणी लिहावा?

इंग्लंडच्या पूर्व भागातील दलदली सतराव्या शतकात चर खणून कोरड्या करण्यात आल्या. तेथील खेड्याचा इतिहास लिहिणारास पाण्यापासूनच आरंभ करावा लागतो. आमच्याकडील ग्रामेतिहास बहुधा सनदेपासून सुरू होतात. कागल म्हटले की घाटगे घराणे व त्यात 1874 साली जन्मलेले शाहू छत्रपती, एवढ्यावर लेखणी थांबते. दुधगंगेकाठच्या या मुलखात विहिरीचे पाणी पिकापर्यंत कोणाच्या घामाने पोहोचले, हे सनद सांगत नाही. ते आम्हांस कागलच्याच आनंद यादवांच्या 'झोंबी'त (1987) आढळते: पहाटेची मोट, परक्याची जमीन कसणारे कुटुंब आणि शाळेसाठी बापाशी झगडणारा मुलगा. 'गोतावळा' (1971) तर आमच्या मते अधिक मोलाचा. मळ्यात ट्रॅक्टर येतो आणि बैलांबरोबर नारबा हा गडीही उपरा होतो. मात्र कादंबरीस इतिहासाची सारी कामे सांगू नयेत. चापेकरांनी 'बदलापूर'मध्ये गावाची जी बारकाईने मोजदाद केली, ती येथे नाही. जमिनीचा धनी ट्रॅक्टर कोणत्या हिशेबाने घेतो, हे नारबा सांगणार कोठून? ती वही त्याच्या हाती कधी पडलीच नाही.