आजीचा नकार आणि नवाहोंचा कॅमेरा

‘वारसा’ आणि ‘अस्मिता’ हे दोन शब्द वापरले की आदिवासी कलावंताबद्दलचा लेख आपोआप लिहून होतो. ॲरिझोना, न्यू मेक्सिको आणि युटा या अमेरिकी राज्यांत पसरलेल्या नवाहो आदिवासींच्या प्रदेशातली दृश्यकला मात्र एवढ्या स्वस्तात हाती लागत नाही. तिथला खरा वाद कॅमेरा कुणाच्या हाती आणि नाही म्हणायचा हक्क कुणाला, याचा आहे.

बराच काळ हा कॅमेरा परक्यांच्याच हाती होता. छायाचित्रकार एडवर्ड कर्टिसने १९०४ मध्ये पाठमोऱ्या नवाहो घोडेस्वारांचा फोटो काढला आणि ‘लोप पावणारा वंश’ अशा अर्थाचं नाव देऊन मोकळा झाला. दिग्दर्शक जॉन फोर्डने ‘द सर्चर्स’मध्ये (१९५६) नवाहो माणसांना सरळ कोमांची या दुसऱ्याच जमातीची माणसं म्हणून उभं केलं.

१९६६ मध्ये सोल वर्थ आणि जॉन अडेर या अभ्यासकांनी पाइन स्प्रिंग्ज इथल्या नवाहोंना चित्रीकरण शिकवलं. सिनेमाने मेंढरांचं काही भलं होणार नसेल तर हा उद्योग कशासाठी, असं तिथल्या सॅम याझी या वृद्ध जाणत्याने त्यांना विचारलं होतं. शिकणाऱ्यांपैकी सूझी बेनालीने आपल्या आईच्या विणकामावर फिल्म केली. तीत आई चालत राहते, रंगासाठी मुळं उकरते, लोकर तयार करते. माग बऱ्याच उशिरा दिसतो. घोंगडी कुठून येते, हे त्या चालण्यातच कळतं.

आर्लीन बोमनच्या ‘नवाहो टॉकिंग पिक्चर’मध्ये (१९८०चं दशक) गाठ आणखी घट्ट बसते. शहरात वाढलेल्या, नवाहो भाषा न येणाऱ्या बोमनला आजीवर माहितीपट करायचा होता. आजीने साफ नकार दिला. बोमनने कॅमेरा बंद केला नाही. नात असूनही ती कर्टिसच्याच जागी जाऊन उभी राहिली आणि फिल्म ही नाचक्की लपवत नाही. म्हणूनच ती अस्वस्थ करते.

छायाचित्रकार विल विल्सनने २०१२ पासून या पेचातून एक वाट काढली. कर्टिसच्या काळाहूनही जुन्या पद्धतीने तो धातूच्या पत्र्यावर फोटो घेतो. कसं दिसायचं, हे समोरचा माणूस ठरवतो. मूळ पत्रा त्यालाच मिळतो, विल्सन स्कॅन ठेवतो. व्यवहार चोख आहे. पण त्या करड्या छटांची जुनी मोहिनी अजून प्रेक्षकाला भुलवते, हेही खरं.

आता नवाहो सिनेमा नेटफ्लिक्सवर पोचला आहे. बिली लूथरच्या ‘फ्रायब्रेड फेस अँड मी’मध्ये (२०२३) शहरी नातू इंग्रजी न बोलणाऱ्या आजीकडे सुट्टीला येतो. सिडनी फ्रीलँडच्या ‘रेझ बॉल’मध्ये (२०२४) बास्केटबॉलचा संघ मैदानावर नवाहोतून डाव पुकारतो. दोन्हींत जिव्हाळा आहे, तपशील अस्सल आहेत. पण लूथरची आजी सोयीची आहे. ती नातवाला सांभाळून घेते, अडवत नाही. ‘रेझ बॉल’चा शेवट तर क्रीडापटांच्या ठरलेल्या वळणानेच जातो.

हे यश हवंच होतं. तरी नवाहो सिनेमाशी ओळख करून घ्यायची तर सुरुवात बोमनपासून करावी. आजी ‘नको’ म्हणते तेव्हा नातीने काय करावं, या प्रश्नाला तिच्यानंतरच्या कुणीही तिच्याइतकं उघड्यावर आणलेलं नाही.