‘ॲजिलॅस्टिक’ : एका विरळ इंग्रजी विशेषणाचा अर्थविचार

इंग्रजीतील ‘ॲजिलॅस्टिक’ हे विशेषण सामान्य वाचकाच्या दृष्टीस क्वचितच पडते. मोठ्या कोशांत ते सापडते, आणि तेथे त्याचा अर्थ ‘कधी न हसणारा’ व त्याच्याच पुढे ‘निरानंद’, ‘उदास’, ‘खिन्न’ असा दिलेला असतो. कोशातील हे अर्थ एकमेकांशेजारी बसले की ते समानार्थक आहेत असा वाचकाचा समज होतो. वस्तुतः न हसणे ही बाहेरून दिसणारी वर्तणूक आहे. निरानंद असणे ही अंतःकरणाची अवस्था आहे. पहिलीवरून दुसरीचे अनुमान करता येईल, परंतु ते अनुमानच राहील. या शब्दाचा साहित्यातील प्रवास पाहिला, तर त्याच्या अर्थाची सारी ओढाताण या दोन टोकांमध्येच झाली असल्याचे दिसून येते. पुढे हे विशेषण व त्याच्या मुळाशी असलेले ‘ॲजिलॅस्ट’ हे नाम समीक्षेच्या परिभाषेत आले आणि त्यांना निंदेची धार चढली. म्हणून त्यांचा नेमका अर्थ ठरविणे हे केवळ कोशकाराचे काम उरलेले नाही.

१

शब्दाचे मूळ ग्रीक आहे. ‘गेलान्’ म्हणजे हसणे; त्यापासून झालेल्या ‘गेलास्तोस’ या धातुसाधित विशेषणाला नकारार्थी ‘अ’ लागून ‘अगेलास्तोस’ हे रूप सिद्ध होते. ‘अ’चे हे कार्य संस्कृतज्ञांना नव्याने सांगावयास नको. मात्र ‘-तोस’ या प्रत्ययाचा एक विशेष ध्यानात घेतला पाहिजे. त्याने साधलेले विशेषण कर्तरी अर्थानेही येते व कर्मणी अर्थानेही. त्यामुळे ‘अगेलास्तोस’ म्हणजे ‘जो हसत नाही तो’ आणि ‘ज्याला हसता येत नाही, जे हसण्यावारी नेण्यासारखे नाही ते’, असे दोन्ही अर्थ संभवतात. संस्कृतात ‘अहासी’ आणि ‘अहास्य’ अशी दोन रूपे करावी लागतील, तेथे ग्रीकचे एकाच रूपावर भागते.

या द्व्यर्थाचे एक मनोरंजक उदाहरण होमरच्या ‘ओडिसी’च्या आठव्या सर्गात आढळते. आपली पत्नी ॲफ्रोडायटी आणि एरीझ यांना जाळ्यात पकडल्यानंतर हेफेस्टस इतर देवांना ते कृत्य पाहावयास बोलावितो. तेथील अक्षरांचा पदच्छेद एका रीतीने केला तर ‘हास्यास्पद कृत्ये’ असा अर्थ होतो. दुसऱ्या रीतीने केला तर ‘हसण्यावारी न नेण्यासारखी कृत्ये’ असा नेमका उलट अर्थ निघतो. संपादकांमध्ये या पाठाविषयी मतभेद आहे. फसविल्या गेलेल्या पतीच्या तोंडी दुसरा अर्थ अधिक शोभतो. परंतु त्याची हाक ऐकून आलेले देव अनावर हसत सुटतात, हे ध्यानी घेतले की पहिलाही अर्थ सोडवत नाही. ज्याच्यावर प्रसंग गुदरला आहे त्याला जे ‘अहास्य’, तेच बघ्यांना हास्यास्पद. शब्दाच्या पुढील साऱ्या इतिहासात हा विरोध कायम राहिलेला आहे.

तथापि या शब्दाला खरी प्रतिष्ठा लाभली ती डिमीटरच्या कथेने. होमरच्या नावावर मोडणाऱ्या, पण त्याच्या नंतरच्या काळातील ‘डिमीटरस्तोत्रा’त कन्येच्या अपहरणाने व्याकुळ झालेली देवी एलेउसिस येथे वेष पालटून येते. अन्न नाही, पाणी नाही, हसू नाही, अशा स्थितीत ती मुकाट बसून राहते. तेथे कवीने हेच विशेषण तिला लावले आहे, आणि ते उपवासाच्या विशेषणाच्या लगत ठेवले आहे, हे लक्षणीय आहे. न हसणे आणि न जेवणे ही दोन्ही शोकाचीच व्रते होत. पुढे इआंबे नावाची दासी थट्टामस्करी करून देवीला हसविते. हसू आल्यानंतरच देवी पेय स्वीकारते. तेही मद्य नाकारून जवाचे पीठ, पाणी व पुदिन्याच्या जातीची वनस्पती यांचे सिद्ध केलेले. अपोलोडोरसच्या नावाने प्रसिद्ध असलेल्या पुराणसंग्रहात एलेउसिस येथील विहिरीजवळच्या ज्या खडकावर देवी बसली, त्या खडकालाच ‘अगेलास्तोस’ हे नाव पडल्याचे सांगितले आहे. दुःख देवीचे, नाव मात्र दगडाला.

शोकनाट्यकारांनी हा शब्द याच छायेत योजिला. इस्किलसने एके ठिकाणी तो आपत्तींना लाविला आहे. ‘अगामेम्नॉन’ नाटकात मात्र त्याने एक सूक्ष्म छटा पकडली: विजयी राजाच्या आनंदात सामील झाल्याचे सोंग आणणारे लोक आपल्या न हसणाऱ्या चेहऱ्यांवर बळेच हसू आणतात, असे तेथे वर्णन आहे. चेहरा आणि अंतःकरण यांची फारकत येथे स्पष्ट झाली. हेराक्लायटसच्या एका त्रुटित वचनात सिबिलेच्या भविष्यवाणीलाही हेच विशेषण आले आहे. तेथे उदासपणाचा प्रश्न नाही. त्या वाणीचे निरलंकार गांभीर्य अभिप्रेत आहे. सारांश, मूळ ग्रीक शब्दात दोषाची सूचना अशी नव्हतीच. तो शोकाचा, संकटाचा आणि गांभीर्याचा शब्द होता.

२

रोमन लेखकांच्या हाती हा शब्द स्वभाववाचक झाला. पार्थियन लोकांशी लढताना मारल्या गेलेल्या क्रॅससचा आजा कधीच हसत नसे, म्हणून त्याला ‘अगेलास्तस’ म्हणत, असे थोरल्या प्लिनीने नमूद केले आहे. ल्युसिलियस या उपहासकवीच्या म्हणण्याप्रमाणे हा गृहस्थ आयुष्यात एकदाच हसला. आणि गाढव काटेरी झुडूप खात असताना ‘जसे ओठ तशी भाजी’ हे शब्द ऐकून तो हसला, असे जेरोमच्या पत्रावरून कळते. सिसरोने या आख्यायिकेचा उपयोग तत्त्वचर्चेसाठी केला. एकदा हसला म्हणून त्याचे ते नाव खोटे ठरले नाही. त्याच न्यायाने एखाद्या आयुष्यात थोडे दुःख आले म्हणून त्याला सुखी म्हणावयास प्रत्यवाय नाही, असा त्याचा युक्तिवाद आहे. अर्थविचाराच्या दृष्टीने यातून निष्पन्न होते ते हे की, हे विशेषण आत्यंतिक अभाव दर्शवीत नाही. ते प्राधान्यावरून दिले जाते.

क्रॅसस दुःखी होता असे कोणी म्हटलेले नाही. त्याचे न हसणे हा कुलीन रोमन पुरुषाच्या धीरगंभीरपणाचा अतिरेक होता. याच्या उलट मेटापाँटम येथील पार्मेनिस्कसची कथा अथीनियसने दिली आहे. ट्रोफोनियसच्या गुहेत उतरून आल्यानंतर या श्रीमंत गृहस्थाची हसण्याची शक्तीच नाहीशी झाली. उपाय विचारता ‘माता घरी ती परत देईल’ असा देवाचा कौल मिळाला. घरी जाऊनही काही घडले नाही. पुढे डेलॉस बेटावर अपोलोच्या मातेची भव्य मूर्ती पाहावयास म्हणून तो देवळात गेला; पण तेथे लाकडाची एक ओबडधोबड आकृती पाहून त्याला अवचित हसू फुटले. कौलातील माता कोणती, हे त्याला तेव्हा उमगले.

अशा रीतीने प्राचीन वाङ्मयातच न हसण्याचे तीन प्रकार वेगळे झालेले दिसतात. डिमीटर शोकामुळे हसत नाही. पार्मेनिस्कसला हसता येत नाही. क्रॅसस हसू इच्छीत नाही. पहिली अवस्था, दुसरी व्याधी, तिसरी वृत्ती. ‘निरानंद’ हा प्रतिशब्द पहिलीला लागू पडेल, दुसरीला कदाचित पडेल, तिसरीला मुळीच पडणार नाही.

३

आधुनिक युरोपात या शब्दाचे पुनरुज्जीवन फ्रेंच लेखक राब्ले याने केले. १५५२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘चौथ्या ग्रंथा’च्या अर्पणपत्रिकेत त्याने आपल्या निंदकांची गणना नरभक्षक, मनुष्यद्वेष्टे आणि ‘अजेलास्त’ अशी केली आहे. त्यांच्या आरोपांनी आपण इतके वैतागलो की पुढे एक अक्षरही लिहू नये असे वाटले, असे तो सांगतो. राब्लेच्या ग्रंथांवर धर्मशास्त्री पंडितांचा रोष होता, हे लक्षात घेता त्याच्या या शिवीतील कळ समजू शकते. परंतु शब्द मात्र येथे बाजू बदलून बसला. पूर्वी न हसणारा सहानुभूतीचा अथवा फार तर कुतूहलाचा विषय होता; आता तो लेखकाचा शत्रू झाला.

इंग्रजी समीक्षेत हा शब्द स्थिर करण्याचे श्रेय जॉर्ज मेरेडिथकडे जाते. १८७७ च्या फेब्रुवारीत लंडन इन्स्टिट्यूशनमध्ये त्याने कॉमेडीवर व्याख्यान दिले. ते त्याच वर्षी नियतकालिकात व १८९७ मध्ये पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाले. राब्लेचा शब्द घेऊन मेरेडिथने त्याच्या दोन बाजूंस आणखी दोन वर्ग कल्पिले. एकीकडे ‘मिसोजेलॅस्ट’, म्हणजे हास्याचा द्वेष करणारे. दुसरीकडे ‘हायपरजेलॅस्ट’, म्हणजे कशालाही खदखदून हसणारे. न हसण्यापासून हास्यद्वेषापर्यंत एकाच पावलाचे अंतर आहे आणि हास्यद्वेष्टा आपल्या नावडीला लवकरच नीतीचे रूप देतो, हे त्याचे निरीक्षण मार्मिक आहे. अतिहास्य करणाऱ्यालाही त्याने कॉमेडीचा शत्रूच मानले, कारण जो सर्वच गोष्टींना हसतो त्याला हास्यातील विवेक कळत नाही. विचारगर्भ हास्य हा मेरेडिथचा आदर्श होता, आणि स्त्रीपुरुषांना समान प्रतिष्ठा असलेल्या सुसंस्कृत समाजातच ते फुलते असे त्याचे प्रतिपादन होते.

मेरेडिथच्या विवेचनाचे महत्त्व असे की त्याने न हसणारा आणि हास्यद्वेष्टा यांना एक पाऊल का होईना, वेगळे ठेवले. पुढील समीक्षकांनी ते अंतर पुसून टाकले.

४

मिखाइल बाख्तिनचा राब्लेवरील ग्रंथ १९६५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याच्या मांडणीत ‘ॲजिलॅस्ट’ हा मध्ययुगीन अधिकृत, एकांगी गांभीर्याचा प्रतिनिधी ठरतो. मिलान कुंदेरा याने १९८५ मध्ये जेरुसलेम येथे पारितोषिक स्वीकारताना केलेल्या आणि १९८६ मध्ये कादंबरीविषयक निबंधसंग्रहात समाविष्ट केलेल्या भाषणात हा शब्द पुन्हा घेतला. सत्य स्वच्छ आहे, सर्वांनी एकच विचार केला पाहिजे आणि आपण जसे आहोत असे आपल्याला वाटते तसेच आहोत, अशी ज्याची खात्री असते तो कुंदेराच्या लेखी ‘ॲजिलॅस्ट’ होय. असा मनुष्य आणि कादंबरीकार यांच्यात तह संभवत नाही, असेही तो सांगतो. दोन हुकूमशाही राजवटींच्या अनुभवातून युरोपीय विचार गेल्यानंतर ही व्याख्या का रुचली असेल हे उघड आहे.

परंतु या व्याख्येत शब्दाचा मूळ अर्थ जवळजवळ नाहीसा झालेला आहे. येथे हसणे-न हसणे हा प्रश्नच उरला नाही. उरला तो मतांधतेचा प्रश्न. मतांध मनुष्य पुष्कळदा हसतो, आणि तेही समूहाने. सत्तेच्या हास्याची उदाहरणे इतिहासात थोडी नाहीत. उलटपक्षी, ज्याचे हसे झाले आहे तो हसत नाही, म्हणून त्याच्या बुद्धीला बंदिस्त ठरविणे अन्यायाचे होईल. हास्याला मुक्तीचे लक्षण ठरविले की न हसणारा आपोआप आरोपी होतो आणि खडकावर बसलेली डिमीटर धर्मन्यायासनाच्या पंक्तीला जाते. हेफेस्टसच्या अंगणात देव हसत होते, यजमान हसत नव्हता. तेथे ‘ॲजिलॅस्टिक’ कोण याचे उत्तर सोपे आहे, पण दोष कोणाकडे याचे तितके सोपे नाही. बाख्तिन आणि कुंदेरा यांना जो शत्रू अभिप्रेत आहे त्याला मेरेडिथचा दुसरा शब्द, म्हणजे ‘हास्यद्वेष्टा’, अधिक लागू पडतो. ग्रीकमध्येही ‘मिसोगेलोस’ हा वेगळा शब्द होताच. युरिपिडीसच्या स्वभावाचे वर्णन करताना तो योजिलेला आढळतो.

५

शेजारच्या शब्दांशी तुलना केली असता हा भेद अधिक स्पष्ट होतो. ‘ॲनहेडॉनिया’ ही संज्ञा फ्रेंच मानसशास्त्रज्ञ रिबो याने १८९६ मध्ये योजिली, आणि १९०२ मध्ये विल्यम जेम्सने धार्मिक अनुभवावरील आपल्या व्याख्यानांत तिचा उपयोग केला. सुख भोगण्याची शक्तीच लोपणे हा तिचा अर्थ. अशी व्यक्ती लोकरीतीप्रमाणे हसूही शकेल; तेव्हा ती ‘ॲनहेडॉनिक’ असेल, पण ‘ॲजिलॅस्टिक’ असणार नाही. ‘मर्थलेस’ हे तिसरे विशेषण तर बहुधा हास्यालाच लावले जाते. सॅम्युएल बेकेटच्या १९५३ मध्ये प्रकाशित झालेल्या ‘वॉट’ या कादंबरीतील एक पात्र हास्याची प्रतवारी लावते, आणि दुःखालाच हसणाऱ्या निरानंद हास्याला सर्वांत वरचे स्थान देते. आनंद नाही पण हास्य आहे, अशी ही स्थिती. क्रॅससच्या ठिकाणी हास्य नाही, पण दुःखही नाही. ही दोन उदाहरणे समोरासमोर ठेवली की ‘निरानंद’ आणि ‘ॲजिलॅस्टिक’ हे पर्याय नव्हेत हे सिद्ध होते.

६

मराठीत या विशेषणाचा अनुवाद करताना एकच प्रतिशब्द पुरा पडणार नाही. वस्तू अगर प्रसंग यांना ‘अहास्य’, शोकग्रस्त व्यक्तीला ‘हास्य मावळलेला’, स्वभावाने न हसणाऱ्याला ‘हास्यविमुख’ आणि मेरेडिथच्या दुसऱ्या वर्गाला ‘हास्यद्वेष्टा’ असे शब्द योजणे इष्ट होईल. भरताने हास्याच्या सहा प्रकारांत शेवटचा ‘अतिहसित’ मानून तो अधम प्रकृतीकडे सोपविला आहे. त्याच्या आधारे तिसऱ्या वर्गाला ‘अतिहासी’ म्हणता येईल. हा भेद राखल्याने मराठीतील एका जुन्या वादालाही थोडा उजेड मिळेल. समर्थ रामदासांनी दासबोधात विनोदाची आवड टवाळांच्या पदरी बांधली, म्हणून त्यांना सरसकट हास्याचे वैरी म्हटले जाते. परंतु ते वचन कोणत्या वृत्तीच्या मनुष्याला काय रुचते याच्या गणनेत आलेले आहे. आणि मूर्खलक्षणांचे समास ज्याने रचले त्याला माणसाच्या विसंगतीची दृष्टी नव्हती असे म्हणवत नाही. त्यांची विमुखता उच्छृंखल विनोदापुरती आहे. तिला हास्यद्वेष म्हणावयाचे झाल्यास अधिक पुरावा द्यावा लागेल.

बोलभाषेने मात्र या शब्दाचा प्रवास आपल्यापुरता आधीच करून ठेवला आहे. ‘हसरा’ या विशेषणाचा सरळ विरोधी शब्द मराठीत नाही. त्या जागी ‘दुर्मुखलेला’, ‘एरंडेल प्यायल्यासारखा’ आणि ‘सुतकी’ असे चेहऱ्याचे शब्द येतात. यांपैकी ‘सुतकी’ हा विशेष विचारार्ह आहे. घरात मृत्यू घडला म्हणून सुतक पाळणाऱ्याचा हा शब्द. तो पुढे ज्याच्या घरी काहीही घडलेले नाही अशा आंबट स्वभावाच्या माणसाला थट्टेने लावला जाऊ लागला. डिमीटरपासून राब्लेच्या निंदकांपर्यंतचे अंतर ते हेच. एखाद्या लेखकाला अथवा पात्राला ‘ॲजिलॅस्टिक’ म्हणण्यापूर्वी, त्याच्या घरी सुतक आहे की त्याचा चेहराच सुतकी आहे, एवढे समीक्षकाने पाहून घेतले पाहिजे.