खेळता येणं आणि खेळवता येणं : जॉर्ज कोस्टा यांची कारकीर्द

‘जगात जर्मनी आणि भारतात परभणी’ असं आपण मोठ्या अभिमानाने म्हणतो. आज आपल्याला या दोन्ही ठिकाणांची गाठ घालायची आहे. 26 मे 2004 रोजी जर्मनीतल्या गेल्सनकिर्शेन या गावात चॅम्पियन्स लीगचा अंतिम सामना झाला. पोर्तुगालच्या पोर्टो क्लबने मोनॅकोचा 3-0 असा पराभव केला, आणि पोर्टोच्या कर्णधाराने युरोपातला सगळ्यात मोठा करंडक उचलला. हा कर्णधार म्हणजे जॉर्ज कोस्टा. चौदा वर्षांनी हाच माणूस मुंबईत अंधेरीच्या मैदानाच्या कडेला उभा राहून मुंबई सिटी संघाला ओरडून सूचना देत होता. 5 ऑगस्ट 2025 ला हृदयविकाराच्या झटक्याने ते गेले. वय अवघं 53.

ते गेल्यावर जे मृत्युलेख आमच्या वाचनात आले, त्यांत एक ठरावीक साचा दिसला. कर्णधारावर भरभरून लिहिलेलं, आणि मग शेवटच्या परिच्छेदात ‘त्यांनी अनेक देशांत प्रशिक्षक म्हणूनही काम केले’ एवढं एक वाक्य. आता बघा, खेळाडू म्हणून पंधरा-सोळा वर्षं आणि प्रशिक्षक म्हणून जवळजवळ तेवढीच. अर्ध्या आयुष्याला एक वाक्य! हे योग्य आहे का, आणि योग्य नसेल तर त्या अर्ध्या आयुष्याचं मोजमाप कशाने करायचं, हा आजच्या व्याख्यानाचा विषय आहे.

हा प्रश्न तसा नवा नाही. कालिदासाच्या ‘मालविकाग्निमित्र’ नाटकात पहिल्याच अंकात दोन नाट्याचार्यांचं भांडण लागतं. गणदास म्हणतो मी श्रेष्ठ, हरदत्त म्हणतो मी. निवाडा करायला परिव्राजिका कौशिकी बसते. तिचं म्हणणं थोडक्यात असं, की काहींच्या अंगात स्वतः कला असते, काहींना ती दुसऱ्यात उतरवता येते, आणि दोन्ही ज्याला साधलं तोच शिक्षकांत पहिला. म्हणून तिने आचार्यांना नाचायला लावलं नाही. शिष्येला नाचवा, म्हणाली. राजाला मालविकेला बघायचंच होतं आणि त्यासाठी हा सगळा बनाव होता, ही गोष्ट वेगळी. पण कसोटी मात्र बिनतोड आहे. खेळता येणं वेगळं, खेळवता येणं वेगळं. आणि खेळवता येतं की नाही, हे शिष्याकडे बघून ठरवायचं.

कोस्टांच्या अंगात कला होती का, हा प्रश्नच उद्भवत नाही. 1991 ला लिस्बनमध्ये ब्राझीलला पेनल्टीवर हरवून पोर्तुगालच्या युवा संघाने विश्वचषक जिंकला, त्या संघात ते होते. पोर्टोसाठी आठ वेळा लीग विजेतेपद, 2003 चा युएफा करंडक, 2004 ची चॅम्पियन्स लीग, पोर्तुगालसाठी 50 सामने. जागा बचावाच्या मध्यभागी. पोर्टोत त्यांना ‘बिशो’ म्हणत, म्हणजे जनावर. अंगावर आलेला धोका अंगावरच घ्यायचा, ही त्यांची खेळण्याची रीत होती.

पण या कारकिर्दीतला आमच्या मते सगळ्यात बोलका काळ हा विजयाचा नाही. 2001 मध्ये तेव्हाचे प्रशिक्षक ऑक्टाव्हियो माशादो यांच्याशी त्यांचं बिनसलं आणि पोर्टोच्या कर्णधाराला उसनवारीवर इंग्लंडच्या चार्ल्टन क्लबकडे जावं लागलं. तिशीतला बचावपटू, घरातून बाहेर. संपलंच म्हणायचं. जानेवारी 2002 मध्ये माशादोंच्या जागी जोझे मोरिन्यो आले आणि पुढच्या हंगामासाठी त्यांनी कोस्टांना परत बोलावलं. पुढची दोन वर्षं तुम्हाला माहीत आहेत. म्हणजे गेल्सनकिर्शेनचा तो करंडक उचलणारा हात एका प्रशिक्षकाने बाहेर काढला होता आणि दुसऱ्या प्रशिक्षकाने परत आणला होता.

आता गंमत पुढे आहे. हे मोरिन्यो 1994 ते 96 या काळात पोर्टोतच होते, इंग्लिश प्रशिक्षक बॉबी रॉबसन यांचे दुभाषी आणि सहायक म्हणून. खेळाडू म्हणून त्यांचं नाव घ्यावं असं काहीही नव्हतं. एकाच ड्रेसिंग रूममध्ये एक जण मैदान गाजवत होता आणि दुसरा साहेबांचं बोलणं पोर्तुगीजमध्ये सांगत होता. पुढे जगातला मोठा प्रशिक्षक कोण झाला? जो सांगत होता तो. कौशिकीच्या वर्गवारीतला दुसरा गट बघायचा असेल तर इतकं स्वच्छ उदाहरण मिळणार नाही.

मग कोस्टांच्या शिष्यांकडे वळू. 2008-09 मध्ये त्यांनी ओल्यानेन्स या लहान क्लबला दुसऱ्या विभागाचं विजेतेपद मिळवून दिलं. हा क्लब 34 वर्षांनी पहिल्या विभागात आला आणि पुढच्या वर्षी तिथे टिकलाही. कारकिर्दीच्या दुसऱ्या टोकाला, 2023-24 मध्ये, एव्हीएस या क्लबला त्यांनी असंच वर चढवलं. या दोन कामगिऱ्यांना आम्ही कमी लेखणार नाही. सामान्य कुवतीच्या मुलांना एकत्र बांधायचं, पडू द्यायचं नाही, हे त्यांना निश्चित येत होतं.

पण या दोन टोकांच्या मधलं चित्र बघा. रोमानियात क्लुज क्लब विजेतेपदाच्या शर्यतीत असताना एप्रिल 2012 मध्ये त्यांना जावं लागलं. काही आठवड्यांत क्लुज विजेता झाला, दुसऱ्याच्या हाताखाली. गॅबॉनचा राष्ट्रीय संघ त्यांच्याकडे होता. 2015 च्या आफ्रिका चषकात पहिला सामना जिंकून नंतरचे दोन हरले, गटातच बाहेर. पुढचा चषक गॅबॉनमध्येच होता, आणि तो तोंडावर आला असताना नोव्हेंबर 2016 मध्ये त्यांना काढलं. पोर्तुगाल, रोमानिया, सायप्रस, आफ्रिका, फ्रान्स, भारत. पेरणी होते न होते तोच शेत सोडून दुसऱ्या गावाला, असा हा प्रवास. याला क्लबांची घाई जबाबदार आहेच. पण दर वेळी फक्त शेतमालकच वाईट होता, असं म्हणणं टीकाकाराला शोभत नाही.

मुंबईतली दोन वर्षं आपण जवळून तपासू शकतो, कारण ती आपल्या डोळ्यांसमोर घडली. 2018-19 च्या सुरुवातीलाच गोव्याने मुंबईला 5-0 असं धुतलं. त्यानंतर कोस्टांनी संघ सावरला. पुढचे कित्येक सामने मुंबई हरली नाही. सेनेगलच्या मोदू सुगूने केरळविरुद्ध एकट्याने चार गोल केले, मुंबई 6-1 ने जिंकली. साखळीत तिसरं स्थान, उपांत्य फेरी. आणि उपांत्य फेरीत पुन्हा गोवाच! घरच्या मैदानावर 1-5. परतीच्या लढतीत मुंबई 1-0 ने जिंकली, पण तोवर सगळं हातचं गेलं होतं. दुसऱ्या वर्षी शेवटच्या सामन्यात चेन्नईयिनला हरवायचं होतं. 21 फेब्रुवारी 2020, घरचं मैदान, 0-1. संघ पाचवा आला आणि मार्चमध्ये कोस्टा गेले.

आमचं निदान असं आहे. बचावपटूची नजर धोका हेरायला शिकलेली असते. काय बिघडू शकतं हे तिला आधी दिसतं. लहान संघ बुडताना ही नजर लाख मोलाची. पण प्रशिक्षकाला आणखी एक नजर लागते. समोरच्या पोरात अजून काय दडलंय, हे त्या पोराच्या आधी दिसायला लागतं. मणिपूरचा बिपिन सिंग 2018 मध्ये, म्हणजे कोस्टांच्या पहिल्याच हंगामात, मुंबईकडे आला. दोन हंगाम तो त्यांच्या हाताखाली होता, पण त्याचं नाव फारसं कुणाच्या तोंडी नव्हतं. कोस्टांच्या जागी सर्जिओ लोबेरा आले, तेच, ज्यांच्या गोव्याने मुंबईला दोनदा पाच-पाच गोल मारले होते. 13 मार्च 2021 ला मडगावच्या फातोर्डा मैदानावर अंतिम सामना संपता संपता विजयी गोल झाला तो बिपिनचा. मुलगा तोच होता. बघणारे डोळे बदलले होते.

इथे कुणी म्हणेल, सर, हे अन्यायाचं आहे. लोबेरांना सिटी समूहाचा पैसा मिळाला, निम्म्याहून अधिक संघ नवा मिळाला. मान्य. नोव्हेंबर 2019 मध्ये सिटी समूहाने क्लबचा मोठा हिस्सा घेतला, त्याचं खरं पीक लोबेरांच्या वाट्याला आलं. आणखी एक पुरावा आम्हीच तुमच्या बाजूने देतो. 2020 मध्ये गोव्याने लोबेरांना काढलं आणि संघ सोपवला गोव्याच्याच क्लिफर्ड मिरांडा यांच्याकडे. डेम्पोचा जुना खेळाडू, पद ‘हंगामी’. 19 फेब्रुवारीला जमशेदपूरला 5-0 ने हरवून गोव्याने साखळीचं अग्रस्थान आणि शील्ड पटकावली. ती शील्ड कोणाची? लोबेरांची की मिरांडांची? याच मिरांडांनी 2023 मध्ये ओडिशाला सुपर कप जिंकून दिला, आणि तेव्हाही पदाच्या पाटीवर ‘हंगामी’च होतं! आपल्या माणसाला आपण कसोटीला बसवतो, पण खुर्चीत बसवत नाही, हेही जाता जाता नोंदवून ठेवू.

तेव्हा करंडक मोजून गुरू ठरत नाही, हे खरंच. आपल्या मराठवाड्याला हे शिकवायला पोर्तुगालला जायची गरज नाही. लातूर जिल्ह्यातल्या रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार रुस्तुम-ए-हिंद झाले, मग पुण्याच्या गोकुळ वस्ताद तालमीत वस्ताद म्हणून बसले. 2011 मध्ये ते वारले. त्यांच्या हाताखाली वाढलेला पाटोद्याचा राहुल आवारे 2018 मध्ये राष्ट्रकुलचं सुवर्ण आणि 2019 मध्ये जागतिक स्पर्धेचं कांस्य घेऊन आला. वस्तादांना जाऊन सात-आठ वर्षं झाली होती. मधल्या काळात राहुलला घडवलं ते काका पवारांनी, आणि तेही बिराजदारांचेच पठ्ठे. तालमीचा हिशोब असा पिढ्यांमध्ये मांडायचा असतो. कौशिकीला एका नाचात निकाल लावता आला. आपल्याला तेवढं सोपं नाही.

या हिशोबात कोस्टा कुठे बसतात? आमचं मत स्पष्ट आहे. खेळता येणाऱ्यांत ते पहिल्या रांगेत. खेळवता येणाऱ्यांत ते सावरणारे होते, फुलवणारे नव्हते. त्यांच्यामुळे संघ उभे राहिले, पण ‘हा कोस्टांचा पठ्ठा’ असं छातीठोकपणे म्हणावं असा खेळाडू आम्हाला सापडत नाही. त्याला मोठं कारण म्हणजे त्यांना एका तालमीत बसूच दिलं गेलं नाही, आणि काही अंशी ते स्वतः बसले नाहीत. 2024 मध्ये पोर्टोने त्यांना परत बोलावलं ते प्रशिक्षक म्हणून नव्हे, तर व्यावसायिक फुटबॉलचे संचालक म्हणून. म्हणजे दुसऱ्याला नीट शिकवता यावं याची तजवीज करणारा माणूस. एक वर्ष झालं असेल नसेल, क्लबच्या सराव केंद्रातच त्यांना झटका आला. कदाचित ही भूमिका त्यांना सर्वांत जास्त मानवली असती. पण ‘असती’वर निकाल देता येत नाही.

हा निकाल देताना आम्हाला आमचाच वर्ग आठवतो. जन्मभर तत्त्वज्ञान शिकवलं. विषय आम्हाला येत होता, यात शंका नाही. जे विद्यार्थी पुढे गेले, ते आमच्यामुळे की आमच्याशिवायही गेले असते? जे गेले नाहीत, त्यांच्यातला बिपिन आम्हाला दिसला नाही का? निवृत्त झाल्यावर या प्रश्नाचं उत्तर कोणी मागत नाही, पेन्शन वेळेवर येते. कोस्टांना मात्र दर रविवारी फलकावर उत्तर मिळत होतं, आणि ते वाचून दुसऱ्या दिवशी ते पुन्हा सरावाला जात होते. सोळा-सतरा वर्षं. त्या अर्ध्या आयुष्याला एका वाक्यापेक्षा जास्त जागा आहे, ती या धैर्यासाठी.

तुमच्यात शिक्षक असतील, प्रशिक्षक असतील, आईबाप तर आहेतच. घरी गेल्यावर आपापल्या शिष्याकडे एकदा नीट बघा. प्रश्न असतील तर विचारा, आम्ही बसलो आहोत.