‘आय ॲम ट्वेंटी’ : विशीतील पिढी आणि शासकीय अनुबोधपट

शासकीय अनुबोधपट म्हटला की दृश्याआधी निवेदकाचा धीरगंभीर आवाज आठवतो. धरणे, कालवे, पोलादाचे कारखाने, आणि या सर्वांवर पसरलेला तो निःशंक स्वर! १९४८ मध्ये स्थापन झालेल्या आणि २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आलेल्या फिल्म्स डिव्हिजनने हा स्वर प्रेक्षकांच्या कानी रुजविला. मुख्य चित्रपटापूर्वी असे पट दाखविणे चित्रगृहांवर बंधनकारक होते. तेव्हा प्रेक्षकाने तो आवडीने ऐकला असे म्हणता येत नाही. एस. एन. एस. शास्त्री यांच्या ‘आय ॲम ट्वेंटी’ (१९६७) या लघुपटाचे वेगळेपण या पार्श्वभूमीवर ध्यानात येते.

१९४७ साली जन्मलेल्या, म्हणजे स्वातंत्र्याच्याच वयाच्या तरुण-तरुणींना शास्त्री यांनी कॅमेऱ्यासमोर बोलते केले. कल्पना वरकरणी समारंभी आहे. तीतून अभीष्टचिंतनपर पट सहज निघाला असता. परंतु ते दिवस समारंभाचे नव्हते. १९६५-६६ चा दुष्काळ, १९६६ चे रुपयाचे अवमूल्यन आणि १९६७ च्या निवडणुकीत अनेक राज्यांत काँग्रेसची गेलेली सत्ता, हे सारे त्या विशीतील मुलांनी नुकतेच पाहिले होते. एकाला सारा देश हिंडून पाहावयाचा आहे. दुसरा, आपल्याला देशाविषयी प्रेम नाही आणि असते तरी ते सांगावे कोणाला, असे शांतपणे म्हणतो.

या उत्तराचे शास्त्री काय करतात? त्याला दुरुस्त करावयास निवेदक येत नाही, की संकलनाच्या युक्तीने त्याला हास्यास्पदही ठरविले जात नाही. इतर उत्तरांच्या शेजारी ते तसेच राहू दिले जाते. माझ्या मते या उत्तराचा उत्तरार्ध अधिक मोलाचा आहे. त्यात तक्रार आहे ती ऐकणारा नसल्याची. आणि ती तक्रार शासनाच्याच ध्वनिग्राहकासमोर नोंदविली जात आहे. आपल्या टीकाकारालाही बोलू देणारे शासन, असे प्रशस्तिपत्र या पटातून शासनास आपसूक मिळते हा आक्षेप खरा आहे. मात्र त्या तरुणाचा चेहरा प्रशस्तिपत्राच्या चौकटीत मावत नाही.

पटाची खरी मर्यादा अन्यत्र आहे. लक्षात राहतात ते मुख्यतः सफाईने इंग्रजी बोलणारे शिक्षित तरुण. जन्मवर्ष समान असले म्हणजे अनुभव समान होत नाही. शेतमजुराची विशी आणि महाविद्यालयीन विद्यार्थ्याची विशी ही दोन निराळी वये आहेत. (समाजशास्त्राच्या विद्यार्थ्यास हे सांगणे नलगे.) ज्याला मुलाखत देता येते तोच पिढीचा प्रतिनिधी ठरावा, हा या पद्धतीचा अंगभूत दोष होय.

त्याच संस्थेत प्रमोद पती यांनी ‘एक्सप्लोरर’ (१९६८) मध्ये युवकांचाच विषय घेतला. तेथे मुलाखती नाहीत. क्षणाक्षणाला बदलणाऱ्या प्रतिमांचा भडिमार आहे. त्यातून अस्वस्थता जाणवते, परंतु ती कोणाची हे कळत नाही. शास्त्री यांच्या पटात बोलणारा निदान समोर असतो. त्यांनी १९६८ मध्ये ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’ काढला. त्यात कॅमेऱ्याचा रोख खुद्द लघुपट काढण्याच्या व्यवसायाकडेच वळलेला आहे.